प्रादेशिक यादीतून आलेली आमदार आणि पाळीच्या साहित्याचा कायदा: मोनिका लेनन यांची कारकीर्द

प्रश्न असा आहे: मासिक पाळीचं साहित्य सगळ्यांना मोफत मिळण्याचा हक्क देणारा जगातला पहिला कायदा स्कॉटलंडमध्ये झाला. तो मोनिका लेनन यांनी मांडला. त्या विरोधी लेबर पक्षात होत्या, मंत्री कधीच नव्हत्या आणि कुठल्याही एका मतदारसंघातून निवडून आलेल्या नव्हत्या. मग हे जमलं कसं? आणि सार्वजनिक आरोग्यासाठी धोरणाच्या अंगाने काम करणाऱ्याने त्यांच्या कारकिर्दीत नेमकं काय पाहावं?

थोडक्यात उत्तर: त्यांनी संसदेची कार्यपद्धती नीट वापरली, विधेयक मंजूर होण्याच्या कितीतरी आधीपासून त्याच्या दबावाने सरकारला पैसे खर्च करायला लावले, आणि अखेरच्या टप्प्यात कशावर माघार घ्यायची हे अचूक ठरवलं. भाषणं, आंदोलनं, सह्यांच्या मोहिमा हे सगळं होतंच; पण केवळ त्यावर कायदा झाला नसता. आता सविस्तर.

आधी जागेचं गणित समजून घेऊ, कारण आपल्या डोक्यात आमदार म्हटला की एक मतदारसंघ येतो. एडिंबरातल्या होलीरूड इथल्या स्कॉटिश संसदेत १२९ सदस्य असतात. त्यातले ७३ मतदारसंघांतून येतात. उरलेले ५६ आठ प्रदेशांतून, प्रत्येक प्रदेशातून सात, पक्षाने दिलेल्या यादीच्या क्रमाने येतात. मतदार दोन मतं देतो, एक उमेदवाराला आणि एक यादीला. यादीच्या जागा वाटताना प्रत्येक पक्षाच्या यादीमतांना 'त्या प्रदेशात आधीच मिळालेल्या जागा अधिक एक' या संख्येने भागतात. ज्याचा भागाकार मोठा त्याला पुढची जागा, मग त्याचा भाजक एकाने वाढतो, आणि असं सात वेळा.

लेनन २०१६ मध्ये सेंट्रल स्कॉटलंड या प्रदेशातून आल्या. तिथले नऊच्या नऊ मतदारसंघ सत्ताधारी स्कॉटिश नॅशनल पार्टीने जिंकले होते. यादीमतं ढोबळमानाने त्या पक्षाला ४८ टक्के, लेबरला २५ आणि कॉन्झर्व्हेटिव्हना १६. नॅशनल पार्टीच्या ४८ ला पहिल्याच फेरीपासून दहाने भागायचं, म्हणजे ४.८. लेबरचे भागाकार २५, १२.५, ८.३, ६.२५ आणि पाचवा ५. कॉन्झर्व्हेटिव्हचे १६, ८, ५.३ आणि चौथा ४. सातवी जागा ५.३ वर सुटली, म्हणून लेबरला चार, कॉन्झर्व्हेटिव्हना तीन आणि पहिल्या क्रमांकाच्या पक्षाला यादीतून शून्य. लेनन त्या चारांपैकी एक. २०२१ मध्येही त्या याच प्रदेशाच्या यादीतून परत आल्या.

या पद्धतीचा राजकीय परिणाम लक्षात घ्या. यादीतून आलेल्या सदस्याला सातपैकी एक म्हणून लाखो मतदारांचा प्रदेश मिळतो, पण 'माझा मतदारसंघ' असा हक्काचा तुकडा मिळत नाही. रस्त्याच्या खड्ड्यासाठी लोक आधी मतदारसंघाच्या सदस्याकडे जातात. त्यामुळे यादीतला सदस्य विषय निवडून उभा राहिला तरच दिसतो. सेंट्रल स्कॉटलंडमधून आलेल्या बायकांनी हे फार चांगलं ओळखलेलं दिसतं. २०१६ च्या त्याच लेबर यादीत एलेन स्मिथ होत्या. त्या पूर्वी मतदारसंघाच्या सदस्य असताना दोन वर्षांखालच्या बाळाला सार्वजनिक जागी पाजण्यास मज्जाव करणं गुन्हा ठरवणारा २००५ चा कायदा त्यांच्याच विधेयकातून झाला होता. २०२१ मध्ये ग्रीन पक्षाच्या यादीतून याच प्रदेशात आलेल्या गिलियन मकाय यांनी गर्भपात सेवा देणाऱ्या ठिकाणांभोवती २०० मीटरचं संरक्षित क्षेत्र ठरवणारं विधेयक आणलं. ते जून २०२४ मध्ये ११८ विरुद्ध १ मतांनी मंजूर झालं. तिन्ही कायदे अशासकीय, म्हणजे मंत्री नसलेल्या सदस्याने मांडलेल्या विधेयकांचे, तिन्ही आरोग्याचे.

इथे एक गोष्ट सांगायलाच हवी, नाहीतर पुढचं सगळं चुकीच्या चष्म्यातून वाचलं जाईल. भारतीय संसदेत अशासकीय विधेयक मंजूर होऊन कायदा होण्याची शेवटची घटना १९७० ची आहे. त्यामुळे 'खासगी सदस्याचं विधेयक' म्हणजे मत नोंदवण्याचा मार्ग, असा आपला समज पक्का आहे. होलीरूडमध्ये तसं नाही. तिथे असं विधेयक तयार करायला मदत करणारा संसदेचा स्वतःचा एक विभाग आहे, तिथले अधिकारी कुठल्याही पक्षाचे नसतात, आणि सदस्याला एका मुदतीत अशी दोन विधेयकं मांडता येतात.

लेनन यांचा जन्म १९८१ चा, लॅनार्कशरमधल्या बेल्सहिलचा. त्या वाढल्या ब्लँटायरमध्ये. ग्लासगोच्या स्ट्रॅथक्लाइड विद्यापीठात शिकून त्या नगररचनाकार झाल्या आणि २०१२ मध्ये साउथ लॅनार्कशर कौन्सिलवर नगरसेवक म्हणून निवडून आल्या. हा तपशील चरित्रात एका ओळीत संपतो, पण माझ्या मते तो फार महत्त्वाचा आहे. नगररचनेचं काम केलेल्या माणसाला माहीत असतं की सेवा कागदावर असणं वेगळं आणि ती कुठल्या इमारतीत, किती पावलांवर, कोणत्या वेळेत उघडी आहे हे वेगळं. स्थानिक संस्थेचं अंदाजपत्रक कसं बनतं, कुठल्या खात्याकडे कशाची किल्ली असते, हेही तिथेच कळतं. पुढे विधेयकाने जे अंतिम रूप घेतलं ते स्थानिक संस्थांच्या खांद्यावरच उभं राहिलं.

आता विषयाची निवड. २०१६ मध्ये ब्रिटनमध्ये पाळीच्या साहित्यावर ५ टक्के व्हॅट होता आणि तो रद्द व्हावा म्हणून मोठी ओरड होती. नवख्या आमदाराने त्याच मागणीवर स्वार होणं सोपं होतं. पण व्हॅट हा लंडनच्या संसदेचा राखीव विषय. १९९८ च्या स्कॉटलंड कायद्यानुसार होलीरूडला त्याला हात लावता येत नाही, आणि विधेयक अधिकाराबाहेरचं असेल तर ते पहिल्याच चाळणीत उघडं पडतं, कारण प्रत्येक विधेयकासोबत ते संसदेच्या अधिकारकक्षेत आहे की नाही याबद्दल पीठासीन अधिकाऱ्याचं निवेदन जोडावं लागतं. आरोग्य, शिक्षण आणि स्थानिक स्वराज्य हे विषय मात्र होलीरूडचे. म्हणून लेनन यांनी किंमत कमी करण्याऐवजी पुरवठ्याचं कर्तव्य लादण्याचा रस्ता धरला. (तो व्हॅट पुढे १ जानेवारी २०२१ पासून रद्द झाला, पण तो लंडनहून.)

सुरुवात लेखी प्रश्नांनी झाली. २०१६ मध्येच त्यांनी सरकारला विचारायला घेतलं: पाळीचं साहित्य परवडत नाही अशा किती जणी आहेत, शाळांत काय सोय आहे, सरकारने काही अभ्यास केला आहे का. असे प्रश्न कंटाळवाणे वाटतात, पण त्यांचा उपयोग नेमका असतो. 'आमच्याकडे ही माहिती नाही' हे उत्तर एकदा सरकारच्याच तोंडून नोंदीवर आलं की प्रश्न अस्तित्वातच नाही असं म्हणण्याची सोय संपते. ज्यांना मोहीम चालवायची आहे त्यांनी मागणीआधी प्रश्न विचारावेत, आणि एका प्रश्नात एकच गोष्ट विचारावी. तीन गोष्टी विचारल्या की उत्तर सर्वात सोप्या गोष्टीचं येतं.

ऑगस्ट २०१७ मध्ये त्यांनी प्रस्तावाचा मसुदा दाखल केला. यानंतरचे टप्पे ठरलेले आहेत. मसुद्यावर किमान १२ आठवडे लोकांची मतं मागवायची. त्यांचा सारांश करून अंतिम प्रस्ताव दाखल करायचा. तो एक महिना सह्यांसाठी खुला राहतो. त्या महिन्यात मांडणारा सोडून आणखी किमान १८ सदस्यांच्या सह्या लागतात, आणि त्या एकाच पक्षाच्या चालत नाहीत. संसदेच्या कामकाज मंडळावर प्रतिनिधित्व असलेल्या पक्षांपैकी निम्म्या पक्षांतून तरी त्या याव्या लागतात. या अटीत विधेयकाचा खरा कस लागतो. लेबरकडे एकट्याने १८ सह्या सहज होत्या, पण त्यांचा उपयोग नव्हता. म्हणजे पहिल्या दिवसापासून दुसऱ्या पक्षांच्या सदस्यांशी बोलणं भाग, आणि भाषाही अशी ठेवणं भाग की सत्ताधारी पक्षाच्या सदस्याला सही करताना स्वतःच्या सरकारवर आरोप केल्यासारखं वाटू नये. इथे चुकतं ते असं: प्रचारक स्वतःच्या पक्षाच्या व्यासपीठावर टाळ्या घेणारी भाषा वापरतो आणि सह्यांच्या महिन्यात एकटा पडतो.

याच नियमात आणखी एक कलम आहे. त्या महिन्याभरात सरकारने 'या विषयावर आम्हीच कायदा करू' असं कळवलं तर सदस्याचा विधेयक मांडण्याचा हक्क संपतो. वरवर पाहता हा सरकारच्या हातातला नकाराधिकार आहे. प्रत्यक्षात तो दुधारी आहे. सरकारने ते वचन दिलं तर काम सरकारच्या गळ्यात. नाही दिलं तर विधेयक पुढे जातं. तिसरा मार्ग एकच उरतो. कायदा न करता योजना जाहीर करायच्या, म्हणजे 'कायद्याची गरजच नाही' असं म्हणता येतं. स्कॉटिश सरकारने हाच मार्ग धरला, आणि मोहिमेचा पहिला मोठा फायदा तिथेच झाला.

तारखा शेजारी ठेवून पाहा. ऑगस्ट २०१७ मध्ये मसुदा. सप्टेंबर २०१७ मध्ये अ‍ॅबर्डीनमध्ये सरकारचा सहा महिन्यांचा पथदर्शी प्रकल्प, ४२,५०० पौंडांचा, साधारण हजार जणींसाठी. मे २०१८ मध्ये अन्नवाटप करणाऱ्या संस्थेमार्फत अल्प उत्पन्न गटातल्या १८ हजारांहून अधिक जणींसाठी ५ लाख पौंड. ऑगस्ट २०१८ मध्ये शाळा, महाविद्यालयं आणि विद्यापीठांतल्या ३ लाख ९५ हजार विद्यार्थ्यांसाठी ५२ लाख पौंड. जानेवारी २०१९ मध्ये ग्रंथालयं, क्रीडा केंद्रं अशा ठिकाणी साहित्य ठेवायला स्थानिक संस्थांना ४० लाख पौंड. विधेयक अजून मांडलंही गेलं नव्हतं! सरकारला यात श्रेय द्यायलाच हवं. शाळा-महाविद्यालयांत देशभर मोफत साहित्य देणारा स्कॉटलंड पहिला ठरला तो या २०१८ च्या निर्णयामुळे. पण प्रत्येक पायरीमागे येऊ घातलेल्या विधेयकाचा दाब होता, हे नाकारता येत नाही.

बाहेरूनही दाब होता. नॉर्थ आयर्शर कौन्सिलने ऑगस्ट २०१७ पासून आपल्या माध्यमिक शाळांत मोफत साहित्य सुरू करून दाखवलं; 'हे चालवता येणार नाही' या आक्षेपाला चालू उदाहरणापेक्षा चांगलं उत्तर नसतं. यंग स्कॉट या संस्थेच्या २०१८ च्या पाहणीत शिक्षण घेणाऱ्या उत्तरदात्यांपैकी साधारण चारात एकीने साहित्य मिळवताना अडचण आल्याचं सांगितलं. सेल्टिक फुटबॉल क्लबच्या तीन समर्थक तरुणींनी स्टेडियमच्या स्वच्छतागृहांत मोफत साहित्य ठेवण्याची मागणी लावून धरली आणि क्लबने ती मानली. मग इतर क्लबांत लोण पसरलं. पाळीचा विषय फुटबॉलच्या मैदानावर उघडपणे बोलला जाणं हे त्या मोहिमेचं फार मोठं यश होतं, आणि ते कुठल्याही आमदाराच्या हातचं नव्हतं.

एप्रिल २०१९ मध्ये विधेयक मांडलं गेलं. मूळ रचनेत कर्तव्य राष्ट्रीय सरकारचं होतं: मंत्र्यांनी देशभर एक योजना उभारावी, ज्याला हवं त्याला त्यातून साहित्य मिळावं. सुरुवातीच्या चर्चेत कंडोम मोफत देणाऱ्या 'सी-कार्ड' योजनेसारखं कार्ड हा एक नमुना समोर होता. या रचनेचं दुखणं ओळखायला फार वेळ लागत नाही. कार्ड आलं की नोंदणी आली, काउंटर आला, समोर माणूस आला, आणि जिला लाज वाटते ती तिथेच थांबली. शिवाय नवी यंत्रणा म्हणजे नवा खर्च.

आणि खर्चावरच सगळं अडलं. विधेयकासोबतच्या वित्तीय ज्ञापनात, म्हणजे खर्चाचा अंदाज मांडणाऱ्या कागदात, वर्षाला सुमारे ९७ लाख पौंडांचा अंदाज होता. सरकारने आकडा काढला २ कोटी ४१ लाख. एकाच कायद्याचे दोन अंदाज अडीचपट फरकाने कसे येतात? अशा ज्ञापनांत दोनच गोष्टी आकडा हलवतात: पात्र असलेल्यांपैकी किती जण खरोखर घेतील, आणि एका नगाची किंमत कोणती धरली. सरकारी अंदाज बहुधा 'सगळ्यांनी घेतलं तर' या टोकाकडे झुकतो, कारण खजिन्याला तूट सोसायची नसते. मोहिमेचा अंदाज प्रत्यक्ष वापराकडे झुकतो. अनुभव मोहिमेच्या बाजूचा आहे. सार्वत्रिक योजनेत ज्यांना परवडतं त्यातले बहुतेक जण आपल्या सवयीचं साहित्य दुकानातूनच घेत राहतात. म्हणून ज्ञापन लिहिताना वापराचं प्रमाण कशावरून धरलं हे चालू योजनेच्या नोंदीतून दाखवावं. केवळ टक्केवारी लिहिली की समिती तीच धरून बसते.

विषय स्थानिक स्वराज्य व समुदाय समितीकडे गेला. तिथे खर्च आणि अंमलबजावणीबद्दलच्या शंका ठळक झाल्या. तेव्हाच्या समुदाय खात्याच्या मंत्री एलीन कॅम्पबेल यांनी सीमेपलीकडून, म्हणजे इंग्लंडमधून येऊन लोक साहित्य नेतील अशीही भीती बोलून दाखवली. फेब्रुवारी २०२० मध्ये विधेयक पहिल्या टप्प्यात, म्हणजे तत्त्वतः मंजुरीच्या मतदानातच, पडणार अशी चिन्हं होती. मग संघटनांनी होलीरूडबाहेर आणि समाजमाध्यमांवर इतका रेटा लावला की मतदानाआधी सरकारने भूमिका बदलली. २५ फेब्रुवारी २०२० ला तत्त्वतः मंजुरी मिळाली: बाजूने ११२, विरोधात शून्य, एक तटस्थ.

बातम्या इथे संपतात. जाणकाराने मात्र इथून पुढेच लक्ष द्यायला हवं. ज्या विधेयकाने सरकारी तिजोरीवर मोठा भार पडतो त्याला दुसऱ्या, म्हणजे दुरुस्त्यांच्या टप्प्यात जायला खर्चाला मान्यता देणारा वित्तीय ठराव लागतो, आणि तो ठराव फक्त मंत्रीच मांडू शकतो. पहिल्या टप्प्यानंतर सहा महिन्यांत तो झाला नाही तर विधेयक आपोआप पडतं. म्हणजे ११२ मतं मिळूनही सरकार काहीही न करता, विरोधात एक मत न देता, विधेयक मारू शकलं असतं. म्हणून पहिल्या टप्प्यावर सरकारला हरवण्यात अर्थ नसतो. सरकारला बाजूला आणावंच लागतं. लेनन यांनी टोकाची टीका करून मग चर्चेला बसण्याची वाट मोकळी ठेवली, यामागचं कारण हे आहे.

दुसऱ्या टप्प्यात विधेयक जवळजवळ नव्याने लिहिलं गेलं. राष्ट्रीय योजनेची कल्पना गेली आणि कर्तव्य स्कॉटलंडच्या ३२ स्थानिक संस्थांवर आलं. मला ही माघार वाटत नाही, ही सुधारणा वाटते. स्थानिक संस्थांकडे शाळा, ग्रंथालयं, समाजमंदिरं, पोहण्याचे तलाव आणि त्यांतली स्वच्छतागृहं आधीपासून होती. २०१८-१९ च्या निधीमुळे पुरवठ्याचे करारही झाले होते. जे चालू होतं त्याला कायद्याचा पाया मिळाला. सुधारित अंदाज २०२२ पर्यंत वर्षाला सुमारे ८७ लाख पौंडांवर आला. लेनन यांनी सोडली ती यंत्रणेची रचना. धरून ठेवलं ते 'ज्याला गरज आहे त्या प्रत्येकाला, उत्पन्नाची चौकशी न करता'. उत्पन्नाची अट घातली असती तर तपासणीचा खर्च वाढला असता आणि अर्ज करण्याची नामुष्की तशीच राहिली असती. २४ नोव्हेंबर २०२० ला विधेयक १२१ विरुद्ध शून्य असं मंजूर झालं, १२ जानेवारी २०२१ ला राजसंमती मिळाली आणि १५ ऑगस्ट २०२२ पासून स्थानिक संस्था व शिक्षणसंस्थांवरची कर्तव्यं लागू झाली.

कायद्याचा गाभा लहान आहे. स्थानिक संस्थेने आपल्या हद्दीत गरज असलेल्या कुणालाही साहित्य मोफत मिळेल अशी व्यवस्था करायची. शाळा, महाविद्यालय, विद्यापीठ यांनी आपल्या विद्यार्थ्यांसाठी ती करायची. व्यवस्था सहज गाठता येईल अशी हवी, घेणाऱ्याचा मान राखणारी हवी, आणि प्रकारांत निवड हवी. त्यात पॅड आणि टॅम्पॉनबरोबर कप, धुऊन वापरायचे पॅड असं पुनर्वापराचं साहित्यही आलं. प्रत्येक संस्थेने वापरणाऱ्यांना विचारून आपली पद्धत लेखी निवेदनात प्रसिद्ध करायची. इतर सार्वजनिक संस्थांनाही हे कर्तव्य लावण्याचा अधिकार मंत्र्यांना आहे.

अंमलबजावणीत बिघडतं ते ठरावीक जागी. साहित्य मुख्याध्यापकांच्या कार्यालयात किंवा स्वागतकक्षात ठेवलं की मागावं लागतं. मागावं लागलं की वापर कोसळतो, आणि मग 'मागणीच नाही' असा निष्कर्ष काढून खरेदी कमी होते. घटलेला वापर दिसला की आधी जागा तपासा, मग गरज. एकाच जाडीचा पॅड घाऊक स्वस्तात घेतला तर पेटी भरलेली राहते आणि लोक घेत नाहीत. फक्त महिलांच्या मुख्य स्वच्छतागृहात ठेवलं तर अपंगांच्या स्वच्छतागृहात जाणारी व्यक्ती वंचित राहते. ग्रंथालय शनिवारी दुपारी बंद झालं की सोमवारपर्यंत हक्क कुलपात. पेटी भरणं सफाई कर्मचाऱ्यांच्या कामात लेखी धरलं नसेल तर ते कुणाचंच काम राहत नाही. आणि सगळ्यात चिवट अडचण पैशाची: स्वतंत्र निधी संस्थेच्या सर्वसाधारण अनुदानात मिसळला की काटकसरीच्या वर्षात तो शोधूनही सापडत नाही.

नेमणुकांचाही प्रश्न येतो. ऑगस्ट २०२२ मध्ये टेसाइड भागात काही संस्थांनी मिळून पाळीविषयक जनजागृतीसाठी एक पद निर्माण केलं आणि त्यावर एका पुरुषाची नेमणूक केली. गदारोळ इतका झाला की पदच रद्द करावं लागलं. त्या माणसावर वैयक्तिक चिखलफेक झाली ती वाईटच. पण नुकसान झालं ते मुलींचं: शाळा-महाविद्यालयांत जाऊन बोलणारं पद गेलं, आणि कायदा लागू होण्याच्याच महिन्यात सगळी चर्चा भलतीकडे वळली.

तुलनेसाठी दुसरे एक प्रादेशिक सदस्य घ्या, स्ट्यूअर्ट मॅक्सवेल. नॅशनल पार्टी विरोधात असताना ते २००३ मध्ये वेस्ट ऑफ स्कॉटलंडच्या यादीतून आले. २००४ मध्ये त्यांनी जिथे अन्न दिलं जातं अशा बंदिस्त जागांत धूम्रपान बंद करणारं विधेयक आणलं. इथे सरकारने उलटी चाल खेळली. लेबर-लिबरल डेमोक्रॅट सरकारने नोव्हेंबर २००४ मध्ये त्याहून व्यापक बंदी जाहीर केली आणि स्वतःच्या २००५ च्या कायद्यात ती आणली; २६ मार्च २००६ ला सकाळी सहापासून ती लागू झाली. इंग्लंडमध्ये ती यायला १ जुलै २००७ उजाडला. बंदीनंतरच्या दहा महिन्यांत नऊ स्कॉटिश रुग्णालयांत तीव्र हृदयविकाराने दाखल होणाऱ्यांचं प्रमाण आधीच्या वर्षीच्या त्याच काळापेक्षा १७ टक्क्यांनी घटल्याचं २००८ मध्ये प्रसिद्ध झालं. इंग्लंडमध्ये त्या काळात घट ४ टक्के होती. कायद्यावर मॅक्सवेल यांचं नाव नाही. पण आरोग्याच्या दृष्टीने निकाल त्यांच्या मूळ विधेयकापेक्षा चांगला लागला. तुमचं विधेयक सरकारने उचललं तर ते आनंदाने द्यावं. फक्त उचललेलं विधेयक पातळ होत नाही ना, एवढं डोळ्यांत तेल घालून पाहावं.

लेनन यांच्या बाकीच्या कामाबद्दल कमी बोललं जातं. त्यांच्या वडिलांचा २०१५ मध्ये दारूच्या दुष्परिणामांनी मृत्यू झाला. २०१७ मध्ये त्या यावर जाहीरपणे बोलल्या आणि तेव्हापासून व्यसनी पालकांच्या मुलांसाठी आधार व उपचारसेवांना निधी हा मुद्दा त्यांनी सोडलेला नाही. स्कॉटलंडमध्ये केवळ दारूमुळे झालेले मृत्यू २०२० मध्ये १,१९० आणि २०२१ मध्ये १,२४५ होते. मे २०१८ पासून तिथे दारूच्या प्रत्येक एककाला (१० मिलिलिटर शुद्ध अल्कोहोल) किमान ५० पेन्स दर होता, सप्टेंबर २०२४ अखेर तो ६५ पेन्स झाला. पण किंमत वाढवल्याने आधीच व्यसनात अडकलेल्याला उपचार मिळत नाहीत, त्यासाठी खाटा आणि माणसं लागतात. २०१८ पासून त्या लेबरच्या आरोग्य प्रवक्त्या होत्या. त्या काळात अमली पदार्थांमुळे होणारे मृत्यू २०१८ च्या १,१८७ वरून २०२० मध्ये १,३३९ वर गेले, आणि डिसेंबर २०२० मध्ये सार्वजनिक आरोग्यमंत्र्यांना पद सोडावं लागलं. या आघाडीवर पाळीच्या कायद्यासारखं यश त्यांना मिळालं नाही. कारण उघड आहे: साहित्य पुरवणं ही एक मोजता येणारी कृती आहे, व्यसनमुक्ती ही अनेक खात्यांची वर्षानुवर्षांची सेवा आहे, आणि ती एका अशासकीय विधेयकात बसत नाही.

कायदा मंजूर झाल्यावर तीन महिन्यांत त्या स्कॉटिश लेबरच्या नेतेपदासाठी उभ्या राहिल्या आणि अनस सरवर यांच्याकडून ५७.६ विरुद्ध ४२.४ टक्क्यांनी हरल्या. जगभर नाव झालं म्हणून पक्षातली मतं मिळतातच असं नाही. त्यानंतर त्यांनी पुन्हा तोच रस्ता धरला: मसुदा, जनतेची मतं, सह्या. मे २०२५ मध्ये निसर्गाची गंभीर हानी गुन्हा ठरवणारं विधेयक त्यांनी मांडलं, त्यात व्यक्तीला वीस वर्षांपर्यंत कैदेची तरतूद होती. इकडे पाळीच्या साहित्याचा नमुना उत्तर आयर्लंडने उचलला. तिथलाही २०२२ चा कायदा अशासकीय विधेयकातूनच आला.

अभ्यास करायचा असेल तर वृत्तपत्रांऐवजी संसदेची कागदपत्रं या क्रमाने वाचा. आधी २०१७ चा मसुदा, मग २०१९ चं मांडलेलं विधेयक आणि त्याचं वित्तीय ज्ञापन, मग समितीचा अहवाल, आणि शेवटी दुसऱ्या टप्प्यानंतरचं सुधारित ज्ञापन. दोन ज्ञापनं शेजारी ठेवून वापराचं प्रमाण आणि नगाची किंमत या दोन ओळी तपासल्या की तडजोड कुठे झाली ते कळतं. त्यानंतर दोन-तीन स्थानिक संस्थांची प्रसिद्ध निवेदनं घ्या, एक शहरी, एक बेटांवरची, आणि प्रत्येकीत तीन गोष्टी शोधा: साहित्य कुणाला न विचारता घेता येतं का, इमारती बंद असताना काय पर्याय आहे, आणि पेटी भरण्याची जबाबदारी कोणत्या पदावर टाकली आहे.